मारहाणीची चित्रफीत आणि जखमी शेजारी



मोबाईल वाजतो. कुणाला तरी जमाव मारीत असल्याची चित्रफीत गटावर आलेली असते. आपण हळहळतो आणि 'बघा, काय चालले आहे' असे लिहून ती पुढे पाठवतो. आपला हेतू वाईट नसतो. तरीही याविषयी आज थोडा विचार करू या.

1 जुलै 2018 रोजी रविवार होता. धुळे जिल्ह्यातील राईनपाडा गावी आठवडी बाजार भरला होता. भिक्षा मागून पोट भरणाऱ्या नाथपंथी डवरी गोसावी समाजातील पाच जणांना मुले पळवणारी टोळी समजून जमावाने ठार मारले. तशा अफवा तेव्हा व्हॉट्सअ‍ॅपवरून पसरत होत्या. त्या काळात देशभर फिरलेली एक चित्रफीत मुळात कराचीतील होती. मुलांच्या सुरक्षेविषयी जनजागृती करण्यासाठी ती बनवली होती. पळवलेले मूल शेवटी परत आणून सोडतात, एवढाच भाग कोणीतरी कापून टाकला होता. ती पाठवणाऱ्या अनेकांना वाटले असेल की आपण शेजाऱ्यांना सावध करीत आहोत!

पुढे राईनपाड्याच्या मारहाणीचीही चित्रफीत मोबाईलवर फिरली. मेलेल्याची विटंबना अशी हातोहात होत राहते.

दयाळू शोमरोन्याचा दाखला (लूक 10:25-37) आपल्याला पाठ आहे. याजकाने आणि लेव्यानेही जखमी माणसाला पाहिले होते. फरक पडला तो पाहिल्यानंतर. शोमरोनी जवळ गेला, त्याने जखमा बांधल्या. दिवंगत पोप फ्रान्सिस यांनी 2014 च्या जागतिक संपर्क माध्यम दिनाच्या संदेशात हाच दाखला घेऊन सांगितले होते की, डिजिटल रस्त्यावरून नुसते वाटसरू म्हणून जाणे पुरेसे नाही.

मग अन्याय लपवावा काय? मुळीच नाही. चित्रफीत हा पुरावा असू शकतो. पण पुराव्याची जागा पोलिसांकडे आहे, गटावर नाही. भांडणात किंवा मारहाणीत सापडलेले मूल असेल तर अधिकच जपावे. बाल न्याय कायदा, 2015 च्या कलम 74 नुसार अशा प्रकरणातील मुलाची ओळख उघड करणे गुन्हा आहे, मग ते मूल मार खाणारे असो वा मारणारे.

अशी चित्रफीत आली तर ती पुढे पाठवू नये. जखमीला मदत हवी असल्यास 112 क्रमांकावर कळवावे. पाठवणाऱ्याला सर्वांसमोर न दुखवता एकट्याला फोन करून समजवावे.

कुटुंबात चर्चेसाठी :
1. त्या चित्रफितीत माझा मुलगा किंवा भाऊ असता, तर मी ती पाठवली असती का?
2. मी पाठवल्याने जखमी माणसाला नेमकी काय मदत होणार आहे?
3. आजवर मी पुढे पाठवलेले काही आज काढून टाकायला हवे का?