नियतिप्रेम : नीत्शेचा जीवनस्वीकार

प्रास्ताविक

दुःखातून सुटका कशी करून घ्यावी, हा तत्त्वज्ञानातील जुना प्रश्न आहे. जर्मन तत्त्वचिंतक फ्रीडरिख नीत्शे (१८४४–१९००) याने वेगळाच प्रश्न विचारला : दुःखासह वाट्याला आलेले आयुष्य आपल्याला मनापासून हवेसे वाटू शकेल काय?

विषय-विवेचन

‘आमोर फाती’ या लॅटिन संज्ञेचा अर्थ ‘नियतीवरील प्रेम’ असा आहे. १८८२ साली प्रसिद्ध झालेल्या ‘आनंदी विज्ञान’ या ग्रंथाच्या चौथ्या भागाच्या आरंभी नीत्शेने ती नववर्षाचा संकल्प म्हणून मांडली. जे अटळ आहे, त्यातच सौंदर्य पाहण्यास शिकावे, हा त्या संकल्पाचा आशय होय. त्याच भागाच्या अखेरीस एक कसोटी येते. हेच आयुष्य, याच क्रमाने, लहानमोठ्या प्रत्येक वेदनेसह अनंत वेळा जगावे लागेल, असे एखाद्या दैत्याने येऊन सांगितले, तर आपण त्याला शाप देऊ की त्याचे स्वागत करू?

हा संकल्प सुखवस्तू माणसाचा नव्हता. वयाच्या २४ व्या वर्षी बाझेल विद्यापीठात प्राध्यापक झालेल्या नीत्शेला आजारपणामुळे १८७९ मध्ये ते पद सोडावे लागले होते.

येथे दोन गैरसमज टाळावेत. पहिला, नियतिप्रेम म्हणजे दैववाद नव्हे. दैववादी मनुष्य सोसतो. पण ‘हे घडले नसते तर बरे’ ही खंत त्याच्या मनात उरते. नियतिप्रेमात ती उरत नाही. आपल्यापैकी काहींचे शिक्षण मध्येच सुटले असेल. ती वर्षे आयुष्यातून वगळावीशी वाटतात. परंतु ती वगळली, तर आज हे पुस्तक उघडणारी व्यक्तीही वगळली जाते.

दुसरा, नियतिप्रेम म्हणजे अन्यायाला संमती नव्हे. घडून गेलेल्याचा स्वीकार करणारा मनुष्य पुढील अन्याय रोखू शकतो. तसेच हा होकार ज्याचा त्यानेच द्यावयाचा असतो. पीडिताकडून तो मागण्याचा अधिकार इतरांना, विशेषतः अन्याय करणाऱ्याला, पोहोचत नाही. ही मर्यादा विसरल्यास हा विचार क्रूर ठरेल.

सारांश

नियतिप्रेम दुःखाला सुख म्हणत नाही. दुःख वजा करून आयुष्याची किंमत ठरवू नये, एवढेच ते सांगते.

स्वाध्याय

१. नियतिप्रेम आणि दैववाद यांतील भेद स्पष्ट करा.
२. नीत्शेची कसोटी स्वतःच्या एका अनुभवाला लावून पाहा. उत्तर नकारार्थी आल्यास त्याची कारणे लिहा.