घरात दोन माई

प्रश्न : मी प्रेसमधून निवृत्त झालो, नाशिक रोडलाच राहतो. मुलगा जर्मनीत नोकरीला आहे. तिथे ओळख झालेल्या व्हिएतनामी मुलीशी त्याचं लग्न ठरलंय. मुलगी मेकाँग नदीकाठच्या कान थो शहरातली. पासपोर्टावर तिचं नाव ‘नगुयेन थी तुयेत माई’ असं काहीसं वाचता येतं. मुलगा नुसतं माई म्हणतो. अडचण अशी, की माझ्या आईला सगळं घर आणि सगळी गल्ली माई म्हणायची. पत्नी म्हणते, सासूबाईंच्या नावाने सुनेला हाक मारायला जीभ रेटत नाही. या नावाचा अर्थ काय? यातलं आडनाव कुठलं आणि पत्रिकेत छापायचं कसं? लग्नात नाव बदललं तर तिच्या घरच्यांना चालेल का? शिवाय पहिला नातू झाला, तर त्याला माझ्या वडिलांचं नाव ठेवायची फार इच्छा आहे. — एक वाचक, जेल रोड

उत्तर : आधी तुमच्या पत्नीची अडचण घेऊ, कारण ती निम्मी तरी लगेच सुटते. ते नाव माई नाही, माय आहे. एकच अक्षर, शेवटी हलका ‘य’. व्हिएतनामी भाषा रोमन लिपीत लिहितात म्हणून आपण ते इंग्रजीसारखं वाचायला जातो आणि फसतो. ही लिपी सतराव्या शतकात ख्रिस्ती मिशनऱ्यांनी बसवली. त्यांच्यातला अलेक्झांडर द ऱ्होड्स गोव्यात राहून पुढे गेला होता. त्याचा व्हिएतनामी शब्दकोश १६५१ साली रोममध्ये छापला गेला. गोव्यात त्याच्याही आधी, १६१६ साली, फादर स्टीफन्सचं मराठी ‘ख्रिस्तपुराण’ रोमन अक्षरांत छापून झालं होतं. आपल्याकडे ती रीत मराठीत रुजली नाही, त्यांच्याकडे ती राष्ट्राची लिपी झाली.

आता सुनेला ‘माय’ म्हणायला तरी हरकत नसावी. आपल्याकडे लाडक्या लेकीलाही माय म्हणतातच. फक्त सूर सांभाळा. व्हिएतनामीत उत्तरेकडे सहा आणि दक्षिणेत पाच सूर आहेत, आणि सूर बदलला की शब्दच बदलतो. ‘माय’ सपाट, एका पट्टीत म्हणायचं. खालून वर चढवलं तर त्याचा अर्थ छप्पर होतो, किंवा पक्ष्यातली मादी, म्हणजे कोंबडी वगैरे. वरून खाली सोडलं तर घासणं, सुरीला धार लावणं. आपण स्वयंपाकघरातून हाक मारताना शेवट लांबवून खाली आणतो, तेव्हा तुमच्या पत्नी नकळत सुनेला सुरी घासायला सांगतील. मुलगी हसेल, रागावणार नाही. परदेशी माणसांच्या तोंडी आपलं नाव कसं होतं याची सवय तिला जर्मनीत झालीच असेल.

आता आडनाव. व्हिएतनामी नावात आडनाव सर्वांत आधी, मधलं नाव त्यानंतर आणि स्वतःचं नाव शेवटी. म्हणजे ‘नगुयेन’ हे आडनाव. त्याचा उच्चार मात्र ‘ङ्वियेन’च्या जवळ जातो. वाङ्मय म्हणताना येणारा ‘ङ’ आपल्या मुळाक्षरांत बिनकामाचा बसलेला असतो, तो इथे सुरुवातीलाच लागतो. आपल्याकडे आडनावावरून गाव, जात, कुळी काढायची खोड आहे. तिथे तो उद्योग चालत नाही. देशातल्या दर दहा माणसांत तीन-चार ङ्वियेन आहेत आणि त्यांचं एकमेकांशी नातं असेलच असं नाही. राजवट बदलली की आडनावंही बदलत गेली. १२३२ साली ट्रान घराण्याने आधीच्या ली घराण्याच्या लोकांना ली हे आडनाव टाकून ङ्वियेन घ्यायला लावलं. पुढे १८०२ ते १९४५ या काळात खुद्द राजघराणंच ङ्वियेन होतं. अशा थरांवर थर चढत गेले आणि आडनाव माणूस ओळखायच्या कामाचं उरलं नाही. म्हणून तिथे सगळा व्यवहार शेवटच्या नावावर चालतो, कचेरीत आणि वर्तमानपत्रातसुद्धा. १९५४ साली दिएन बिएन फू इथे फ्रेंचांचा पराभव करणारे सेनापती वो ङ्वियेन गियाप. आपल्या वर्तमानपत्रांनीही त्यांना जनरल वो कधी म्हटलं नाही, जनरल गियापच म्हटलं. हो चि मिन्ह यांना ‘हो काका’ म्हणतात हा ठळक अपवाद. पण ते नावच त्यांनी मागाहून घेतलेलं. जन्मनाव ङ्वियेन सिन्ह कुंग, मग शाळकरी वयात वेगळं, चळवळीत आणखी वेगळं. नाशिककरांना यात नवल वाटू नये. आपले कुसुमाग्रज जन्मले गजानन रंगनाथ म्हणून, दत्तक गेले आणि विष्णू वामन झाले, आणि आपण ओळखतो ते तिसऱ्याच नावाने.

मधलं ‘थी’ हे बाईमाणसाची खूण. जुन्या पद्धतीत मुलीच्या नावात थी आणि मुलाच्या नावात ‘वान’ घालत. शहरातले तरुण आईबाप आता ते गाळतात, जुनाट वाटतं म्हणून. तुमच्या सुनेच्या नावात ते आहे, यावरून घर जरा जुन्या वळणाचं असावं असा माझा कयास.

पासपोर्टाबद्दल तुम्हाला मी काय सांगणार, आपल्या पासपोर्टाच्या पुस्तिका तुमच्या प्रेसमध्येच छापतात. त्यात ‘उपनाम’ आणि ‘दिया गया नाम’ अशा दोन ओळी असतात आणि दुसऱ्या ओळीत मराठी माणूस स्वतःच्या नावामागे वडिलांचंही नाव बसवतो. परदेशात मग बापाचं नाव मुलाचं मधलं नाव होऊन बसतं. तिच्या बाबतीत नेमकं उलटं होत असणार: विमानतळावर आडनावानंतर पहिलं दिसतं तेच नाव समजून कुणीतरी तिला ‘थी’ म्हणून पुकारत असेल. पत्रिकेत तिच्या नावाची उलटापालट करू नका. तुम्ही ‘तुयेत’ वाचलंत त्याचा उच्चार ‘त्वियेत’. ‘चि. सौ. कां. त्वियेत माय’ छापा आणि खाली वडिलांचं पूर्ण नाव त्यांच्याच क्रमाने. स्वागताला उभे राहाल तेव्हा ‘श्री. ङ्वियेन’ अशी हाक मारू नका, तिच्याकडचे निम्मे वऱ्हाडी मागे वळून बघतील. त्यांच्या शेवटच्या नावाने हाक मारा.

अर्थाचा भाग मला या सगळ्यात आवडतो. ‘त्वियेत’ म्हणजे हिम आणि ‘माय’ हे एका फुलाचं नाव. दोन्ही शब्द चिनी परंपरेतून आलेले. भर थंडीत, बर्फ असताना फुलणारं ते फूल. चिनी कवी आणि चित्रकार त्यावर शतकानुशतकं लुब्ध आहेत. सोसून फुलणारी, असा त्यातला भाव. माय, लान, कुक, त्रुक, म्हणजे ते फूल, ऑर्किड, शेवंती आणि बांबू, हे चार मानाचे मानतात. ओळीने चार मुलींची ही चार नावं असलेली घरं असतात. पण गंमत बघा. कान थोमध्ये बर्फ पडत नाही. देशात पडलंच तर ते उत्तरेला सा पासारख्या डोंगरात, तेही एखाद्या हिवाळ्यात. ते चिनी झाडही दक्षिणेच्या उकाड्यात फुलत नाही. दक्षिणेकडच्या लोकांनी नाव ठेवलं आणि झाड बदललं. त्यांची माय म्हणजे पाच पाकळ्यांचं पिवळंधमक फूल, त्यांच्या नववर्षाला, म्हणजे तेतला, दारात हवंच असं. (नाशिकमध्ये हिमानी नावाच्या मुली असतातच की.)

तेत बहुधा आपली पौष अमावास्या उलटली की येतो. त्या दिवशी फूल उमलावं म्हणून बागवाले आधी काही आठवडे झाडाची पानं हाताने खुडून टाकतात. कधी खुडायची हे हवा आणि कळी बघून ठरवतात. चुकलं की फुलं सणाआधी येऊन गळतात किंवा सणानंतर येतात, आणि मग त्यांना कुणी विचारत नाही. ऑक्टोबर छाटणीचा दिवस धरताना झोप उडालेले निफाड-दिंडोरीचे द्राक्षवाले हे लगेच ओळखतील. दक्षिणेच्या बोलीत ‘माय’ आणि नशीब या अर्थाचा ‘मय’ कानाला जवळजवळ सारखेच लागतात, म्हणूनही ते झाड दारात शुभ.

तिथे मुलीला नुसतं गोड म्हणून नाव ठेवत नाहीत, त्यात काहीतरी मागणं असतं. १९७३ च्या जानेवारीत पॅरिसच्या शांतता करारावर सह्या करणाऱ्यांत एकच बाई होत्या, ङ्वियेन थी बिन्ह. बिन्ह म्हणजे शांती. हे नाव त्यांनी चळवळीत घेतलेलं. आईबापांनी ठेवलेलं चाउ सा. (तुमच्या मोबाइलवरही तो फॉरवर्ड आला असेल: व्हिएतनामच्या परराष्ट्रमंत्री बाई रायगडावर आल्या आणि तिथली माती कपाळाला लावून घेऊन गेल्या. त्याला कुणी एक कागद पुरावा म्हणून दाखवलेला नाही. व्याह्यांना तो ऐकवू नका.)

लग्नात नाव बदलण्याचं म्हणाल, तर बदलू नका. तांदळाच्या ताटात अंगठीने नाव लिहायचं आहे तर ‘माय’ लिहा, विधी होईल आणि फोटोही छान येईल. व्हिएतनाममध्ये लग्नानंतर बाईचं आडनावसुद्धा बदलत नाही; ती बापाच्या आडनावाने जगते आणि मुलं नवऱ्याचं लावतात. आपल्या कायद्यातही बदलण्याची सक्ती कुठेच नाही. ज्या नावाने चाळीस माणसं तिला लहानपणापासून ओळखतात ते पुसून वैदेही किंवा शर्वरी करण्यात तुम्हाला काय मिळणार?

आणि खरं सांगायचं तर रोजच्या बोलण्यात ती तुमचं आणि तुम्ही तिचं नाव घ्याल असं समजू नका. व्हिएतनामीत ‘मी’ आणि ‘तू’ची जागा नात्यांचे शब्द घेतात. सासू-सासऱ्यांशी बोलताना ती स्वतःला ‘कोन’ म्हणेल, म्हणजे लेकरू. दक्षिणेकडची आहे, तेव्हा तुम्ही ‘बा’ आणि तुमच्या पत्नी ‘मा’. हे दोन शब्द शिकवायची गरज नाही, हे बघा. तुमच्या मुलाला ती ‘आन’ म्हणत असेल, त्याचा मूळ अर्थ थोरला भाऊ. तो तिला ‘एम’ म्हणत असेल, म्हणजे धाकटी. नवऱ्याला दादा म्हणते हे ऐकून पत्नी दचकू नयेत म्हणून आधीच सांगून ठेवतो. दक्षिणेत भावंडांना क्रमांकानेही हाक मारतात, पण थोरल्याला ‘दोन’ म्हणतात, एक कुणालाच नाही. शेंडेफळाला ‘उत’.

आता नातवाचं. इथे मात्र जपून. आपल्याकडे वाडवडिलांचं नाव नातवाला ठेवणं म्हणजे त्यांचा मान, घरात नाव चालू राहिलं म्हणतात. व्हिएतनामी घरात तोच अपमान होतो. पूर्वजाचं, आजोबांचं, कुणाही वडीलधाऱ्याचं नाव बाळाला ठेवत नाहीत. बारशाआधी दोन्हीकडच्या म्हाताऱ्यांची नावं तपासून ती टाळतात. कारण साधं आहे. पोराला रागावताना, हाका मारताना, खोडी काढली म्हणून धपाटा घालताना ते नाव तोंडी येणार. राजांच्या बाबतीत तर हे फार पुढे गेलं होतं. दक्षिणेत ङ्वियेन होआंग नावाचा सरदार सत्तेवर आला, त्याचं नाव उच्चारू नये म्हणून होआंग आडनावाचे लोक हुइन्ह झाले, ते आजही हुइन्ह आहेत. एका राजमातेचं नाव होआ, म्हणजे फूल. तर हुए शहरातला डोंग होआ बाजार डोंग बा झाला आणि थान्ह होआ प्रांताच्या नावातला सूर बदलून गेला.

आपल्याला हे परकं वाटायला नको. नवऱ्याचं नाव उखाण्याशिवाय न घेणाऱ्या बायका तुम्ही-आम्ही पाहिल्यात. सासऱ्याचं नाव मुलाला ठेवलं की सून त्याला त्या नावाने हाक मारत नसे. म्हणून तर घराघरांत बाळ, आप्पा, नाना, भाऊ एवढे साठले. तुमच्या पत्नींची जीभ ‘माई’पाशी अडते ती त्याच जातीची अडचण आहे, आणि विहीणबाईंना ती तुमच्या मुलापेक्षा लवकर कळेल. त्यांना सांगून बघा.

मार्ग आपल्याच रीतीत आहे. पाळण्यातलं नाव तुमच्या वडिलांचं ठेवा, कानात सांगा आणि तिथेच राहू द्या. व्यवहारातलं नाव दोघं ठरवतील. घरात हाक मारायला तिच्याकडचे तिसरं नाव आणतीलच: तिथे पूर्वी दृष्ट लागू नये म्हणून मुलांना मुद्दाम कुरूप नावं ठेवत, आपल्या दगडू-धोंडू-केरूसारखी. आताची लाडाची नावं म्हणजे कोळंबी, मक्याचं कणीस, कुत्र्याचं पिल्लू. नातवाला ‘तोम’ म्हणजे कोळंबी म्हणू लागले तर वाईट वाटून घेऊ नका.

बाळ महाराष्ट्रात जन्मलं तर आणखी एक गोष्ट लक्षात ठेवा. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर स्वतःच्या नावानंतर आईचं नाव, मग वडिलांचं आणि मग आडनाव असा क्रम आहे. तेव्हा जन्मदाखल्याच्या अर्जावर ‘माय’ लिहायचं की ‘त्वियेत माय’, आणि इंग्रजीत स्पेलिंग कुठलं, हे तिला विचारून तिच्या पासपोर्टाबरहुकूम लिहा. महापालिकेत एकदा ‘माई’ नोंदलं गेलं, की दुरुस्तीला किती खेपा पडतात ते तुम्हाला ठाऊक आहे.