शिट्टीबरोबर फायलीही

चि. भाच्यास,



ताईचा फोन आला होता. शाळेने तुला फुटबॉलचा प्रशिक्षक आणि क्रीडा विभागप्रमुख अशी दोन्ही कामं एकत्र देऊ केली आहेत, आणि ‘ग्राउंड मी सांभाळतो, ऑफिस दुसऱ्या कुणाला द्या’ असं सांगायचं तुझ्या मनात आहे, असं तिच्याकडून कळलं. गुडघ्याच्या ऑपरेशननंतर तू एवढ्या लवकर पोरांमध्ये उतरायला तयार झालास, याचा आम्हा सगळ्यांना आनंद आहे. उत्तर द्यायला तुझ्याकडे अजून आठवडा आहे. तेवढ्यात जॉन किटना नावाच्या माणसाची गोष्ट नीट वाच.

टॅकोमा हे अमेरिकेच्या वायव्य कोपऱ्यात, वॉशिंग्टन राज्यात, सिॲटलजवळचं बंदराचं शहर. किटना तिथे १९७२ साली जन्मला आणि तिथल्याच लिंकन हायस्कूलमध्ये शिकला. त्याचा फुटबॉल आपला नव्हे, अमेरिकन. लांबट चेंडू, डोक्यावर हेल्मेट, खांद्यांवर जाड पॅड आणि पायापेक्षा हाताचा खेळ जास्त. त्यात तो क्वार्टरबॅक. संघाची जवळजवळ प्रत्येक चाल याच खेळाडूच्या हातून सुरू होते आणि सामना हरला की लोकांचा राग आधी त्याच्यावरच निघतो.

मोठ्या विद्यापीठांनी किटनाला विचारलं नाही. तो एलेन्सबर्गच्या सेंट्रल वॉशिंग्टन विद्यापीठात गेला. पदवीसाठी त्याने गणित शिकवण्याचा विषय घेतला, कारण पुढे आपल्याच शाळेत मास्तर आणि प्रशिक्षक व्हायचं हे त्याने तेव्हाच ठरवलं होतं. १९९५ साली त्याच्या संघाने लहान महाविद्यालयांच्या गटाचं संयुक्त विजेतेपद मिळवलं, तरी व्यावसायिक संघांच्या निवडीत त्याचं नाव कुणी घेतलं नाही. सिॲटल सीहॉक्सचे प्रशिक्षक डेनिस एरिकसन स्वतःच्या भाच्याचा खेळ पाहायला आले होते. भाच्याला चेंडू फेकून देणारा पोरगा त्यांच्या नजरेत भरला आणि किटनाला दार उघडलं. १९९७ मध्ये त्याला युरोपातल्या लीगमध्ये बार्सिलोनाच्या संघात पाठवलं. तो संघ वर्ल्ड बोल, म्हणजे त्या लीगचा अंतिम सामना, जिंकला आणि त्या सामन्याचा सर्वोत्तम खेळाडू किटना ठरला.

पुढची कारकीर्द झटपट सांगतो. सिॲटल, सिनसिनाटी, डेट्रॉइट, डॅलस. डेट्रॉइटला २००६ आणि २००७ अशा दोन्ही हंगामांत त्याने ४ हजारांहून अधिक यार्डांच्या फेकी केल्या, आणि त्यातल्या पहिल्याच हंगामात प्रतिस्पर्ध्यांनी त्याला ६३ वेळा चेंडूसकट जमिनीवर पाडलं. इतका मार खाऊन पुन्हा उभा राहणारा तो खेळाडू होता. पण तुझ्या कामाची आहे ती २००३ सालची सिनसिनाटी. त्या वर्षी संघाने देशातल्या निवडीतला पहिल्या क्रमांकाचा खेळाडू, कार्सन पामर, किटनाच्याच जागेसाठी आणला. पामर वर्षभर बाकावर बसून शिकणार आणि मग जागा घेणार, हे सगळ्यांना ठाऊक होतं. किटना त्या हंगामात इतका चांगला खेळला की त्याला पुनरागमनाचा पुरस्कार मिळाला. तरी पुढच्या वर्षी जागा पामरची झाली, आणि किटना त्याच्या पाठीशी उभा राहून त्याला सांभाळत राहिला. स्वतःची जागा घेणाऱ्याला शिकवता येणं, ही प्रशिक्षकाची पहिली परीक्षा तो खेळाडू असतानाच पास झाला होता.

२०१२ च्या जानेवारीत त्याने निवृत्ती जाहीर केली आणि त्याच वर्षी तो लिंकन हायस्कूलमध्ये हजर झाला. टीव्हीवर समालोचनाला बसणारे माजी खेळाडू तिकडे पुष्कळ आहेत. किटना बीजगणिताच्या वर्गावर गेला. सकाळी खडू, दुपारी ग्राउंड.

इथे जरा थांब. लिंकन ही श्रीमंतांची शाळा नाही. तिथल्या कितीतरी पोरांच्या घरी ओढाताण असते. अशा पोराला संध्याकाळी दोन तास पळवून घेणारा प्रशिक्षक त्या पोराचं फक्त दमलेलं अंग बघतो. सकाळी त्याच्याच वर्गात समीकरण सोडवताना तोच पोरगा कुठे अडतो, कुठे लाजतो, कुठे रात्रभर झोपलेला नसतो, हे किटनाला दिसत होतं. शिवाय तिकडे नापास झालेल्याला संघात खेळता येत नाही. मग पोराचं गणित सुधारणं आणि त्याला शुक्रवारी मैदानात उतरवणं ही दोन वेगळी कामं उरतच नाहीत.

२०१३ च्या डिसेंबरमध्ये डॅलसचा क्वार्टरबॅक टोनी रोमो पाठीच्या दुखण्याने बाहेर गेला. हंगामाचा शेवटचा, निर्णायक सामना. राखीव म्हणून डॅलसने ४१ वर्षांच्या किटनाला बोलावलं. शाळेला नाताळची सुटी होती, तो गेला. त्याला मैदानात उतरावं लागलं नाही आणि डॅलस हरलं. त्या आठवड्याचं मानधन सुमारे ५३ हजार डॉलर होतं. ते त्याने लिंकन हायस्कूलला द्यायचं ठरवलं. सुटी संपली, तो परत वर्गात. पुढे त्याने टेक्सास आणि ॲरिझोनातल्या शाळांचे संघ हाताळले, २०१९ चं वर्ष डॅलसच्या व्यावसायिक संघात प्रशिक्षक म्हणून काढलं आणि तिथून तो पुन्हा शाळेकडेच वळला.

आता ऑफिसचा मुद्दा. तुला त्याचा कंटाळा आहे तो फायलींमुळे. पण फाईल म्हणजे काय असतं, ते याच वॉशिंग्टन राज्यातल्या एका पोराच्या गोष्टीवरून कळेल.

२००६ च्या ऑक्टोबरमध्ये झॅकरी लिस्टेड हा १३ वर्षांचा मुलगा शाळेच्या सामन्यात डोक्यावर आदळला. थोडा वेळ बाहेर बसला आणि उत्तरार्धात परत खेळला. सामना संपता संपता तो कोसळला. मेंदूतल्या रक्तस्रावामुळे कवटी उघडून शस्त्रक्रिया करावी लागली. पुन्हा बोलायला त्याला महिने लागले, आधाराने उभं राहायला वर्षं. त्याच्या घरच्यांनी आणि डॉक्टरांनी पाठपुरावा केला, आणि २००९ साली वॉशिंग्टन राज्याने त्याच्या नावाने ओळखला जाणारा कायदा केला. डोक्याला मार लागल्याचा नुसता संशय आला तरी मुलाला ताबडतोब खेळातून बाहेर काढायचं, आणि अधिकृत वैद्यकीय व्यक्तीने लेखी परवानगी दिल्याशिवाय परत घ्यायचं नाही. पालक आणि खेळाडू यांनी दर वर्षी माहितीपत्रकावर सही करायची. पुढच्या काही वर्षांत अमेरिकेच्या सगळ्या राज्यांनी असे कायदे केले.

याला किटनाच्या आयुष्यातला एक सामना जोडून बघ. सप्टेंबर २००७, डेट्रॉइट विरुद्ध मिनेसोटा. दुसऱ्या सत्रात किटनाच्या डोक्याला मार बसला, त्याला बाहेर नेलं. शेवटच्या सत्रात तो परत आला आणि जादा वेळेत त्याने सामना जिंकून दिला. त्याने स्वतः त्याला चमत्कार म्हटलं. पाच वर्षांनी हाच माणूस लिंकनचा प्रशिक्षक झाला तेव्हा, त्याने जे केलं तेच एखाद्या पोराने करायचं म्हटलं असतं, तर परवानगी देणं हा कायद्याचा भंग ठरला असता. माजी खेळाडूच्या अंगात भिनलेली सवय सांगते, उठ आणि खेळ. ऑफिसातला एक सही केलेला कागद सांगतो, बस. आणि खरं तोच कागद सांगत असतो.

तालमीच्या फुटबॉलमध्ये तू वाढलास. कोल्हापूरच्या शाहू स्टेडियमवर पेठेतली माणसं भरलेली असताना दुखावलेला पाय बांधून मैदानात जाणाऱ्याचा जयजयकार होतो, तो तुझ्याही वाट्याला आलाय. तुझा गुडघा त्यातच गेला की नाही, ते मी ठरवत नाही. पण चौदा वर्षांचा पोरगा ‘सर, काही होत नाही, खेळतो’ म्हणेल, आणि तेव्हा समोर तू असशील. त्या वेळी तुझ्या बाजूने शाळेचा लेखी नियम असायला हवा. तो नियम विभागप्रमुख लिहितो. ती खुर्ची तू नाकारलीस, तर ज्याने कधी फुटबॉलला पाय लावला नाही असा कुणीतरी तो लिहील, किंवा कुणीच लिहिणार नाही.

आपल्याकडच्या कागदांचं वजन तर आणखी वेगळं आहे. दहावी-बारावीच्या खेळाडूंना मिळणाऱ्या वाढीव गुणांचा प्रस्ताव शाळेतून जातो. सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे आणि त्यासाठी क्रीडा प्रमाणपत्राची पडताळणी होते. बनावट प्रमाणपत्रांची प्रकरणं झाल्यापासून ती कसून होते. तेव्हा कुठल्या स्पर्धेत कोण खेळला, संघाच्या यादीत नाव कसं लिहिलं, जन्मतारीख काय, हे सगळं काढून दाखवावं लागतं. विभागप्रमुखाने आज यादी आळसाने भरली, तर आठ वर्षांनी एखाद्या पोराची पोलिस भरती अडेल. आणि वयाचं तर बोलायलाच नको. सतरा वर्षांखालच्या सुब्रतो कपासाठी मोठं पोरगं घुसवा म्हणून तुझ्यावर दबाव येईल, तोही आपल्याच माणसांचा. शाळेच्या रजिस्टरवर तुझा ताबा असेल तर ‘नाही’ म्हणणं तुझ्या हातात राहील.

मुलींचाही विचार कर. अमेरिकेत १९७२ साली, म्हणजे किटना जन्मला त्याच वर्षी, टायटल नाइन हा कायदा आला. सरकारी पैसा घेणाऱ्या शिक्षणसंस्थेत मुलगा-मुलगी असा भेद करायचा नाही, एवढंच त्यात थोडक्यात म्हटलंय. खेळाचा शब्दही त्यात नाही. तरी त्याच्या आधारे तिथल्या शाळांत लाखो मुली मैदानावर आल्या, कारण शाळाशाळांतल्या क्रीडाप्रमुखांना ग्राउंडचं वेळापत्रक, किट आणि बसचे पैसे नव्याने वाटावे लागले. आपल्या शाळेत मुलींना ग्राउंड कधी मिळतं? मुलांचा सराव संपल्यावर, अंधार पडायच्या बेतात. हे बदलायचं तर वेळापत्रकाचा तक्ता ज्याच्या टेबलावर असतो, त्यालाच बदलता येईल. नुसत्या प्रशिक्षकाला विनंती करत फिरावं लागतं.

आणखी एका माणसाचं सांगायला हवं. जो अर्मन हा बाल्टिमोर कोल्ट्स या अमेरिकन फुटबॉल संघाच्या बचाव फळीत १९७३ पासून खेळला. १९७८ मध्ये त्याचा धाकटा भाऊ कर्करोगाने गेला आणि त्याचं आयुष्यच बदललं. तो धर्मोपदेशक झाला, बाल्टिमोरच्या गरीब वस्तीत त्याने सेवाकेंद्र काढलं, आणि गिलमन शाळेच्या संघाला शिकवू लागला. जेफ्री मार्क्स या पत्रकाराने त्याच्या एका हंगामावर २००४ साली पुस्तक लिहिलं. लहानपणी मार्क्स कोल्ट्सच्या मैदानावर चेंडू उचलून देणारा पोरगा होता. त्या संघाचा एक नियम माझ्या फार मनात बसला आहे. जेवणाच्या सुटीत शाळेतला कुठलाही मुलगा एकटा जेवताना दिसला, तर फुटबॉल संघातल्या मुलाने उठून त्याच्या शेजारी जाऊन बसायचं. संघाचा दरारा शाळेत असतोच. तो कुठे वापरायचा हे तिथल्या प्रशिक्षकांनी ठरवून दिलं. मैदानावर चेंडू कुणाकडे पास करायचा, याच्याइतकाच हा शिकवण्याचा विषय आहे, आणि आपल्या शाळांत तो कुणी शिकवत नाही.

तुझी एक शंका ताईने सांगितली. ऑफिसात बसलो तर लोक म्हणतील, संपला हा. रँडल मॅक्डॅनियल नावाचा मिनेसोटाचा खेळाडू सलग १२ वर्षं लीगच्या सर्वोत्तमांत निवडला गेला. निवृत्तीनंतर तो प्राथमिक शाळेत लहान मुलांना वाचन-गणित शिकवायला बसला. २००९ साली त्याचं नाव हॉल ऑफ फेम या फुटबॉलच्या मानाच्या यादीत गेलं, तेव्हाही तो तिथेच शिकवत होता. ॲलन पेज त्याच मिनेसोटाचा. हॉल ऑफ फेमच्या समारंभात आपली ओळख करून द्यायला प्रत्येक खेळाडू सहसा जुना प्रशिक्षक किंवा सहकारी बोलावतो. १९८८ साली पेजने मिनिआपोलिसच्या एका हायस्कूलच्या मुख्याध्यापिका विलरीन बीझली यांना बोलावलं. त्याच वर्षी त्याने विद्यार्थ्यांच्या शिष्यवृत्तीसाठी संस्था काढली, आणि पुढे तो राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात न्यायाधीश झाला. संपला असं यांना कुणी म्हटलं नाही. म्हणालं असतं, तरी वर्गातल्या पोरांना त्याने काय फरक पडला असता?

तुझ्या नावाचा उपयोग होईल, तो पहिले काही दिवस. पोरं तुझे गोल विचारतील, कुठल्या क्लबला होतास ते विचारतील, एखादा फोटोही काढून घेईल. महिन्याभरात ती विसरतील, आणि विसरावंच. त्यानंतर पोरं फक्त हेच पाहतील की सर वेळेवर येतात का, ज्याला संघातून वगळलं त्याला कारण सांगतात का, घरी अडचण असलेल्याला बुटांसाठी चारचौघांत विचारतात की बाजूला घेऊन.

होकार देताना मात्र भिडेखातर काही सोडू नकोस. संस्थेच्या सचिवांकडून तीन गोष्टी लेखी घे: क्रीडा विभागाचं वर्षाचं अंदाजपत्रक आणि त्यातून खर्च करण्याचा अधिकार, दुखापतीनंतर खेळाडूला परत घ्यायचा नियम, आणि मुलींच्या संघासाठी ग्राउंडची ठरलेली वेळ. आठवड्याला चार तास गणिताचे नको, पण कुठला तरी एक वर्ग स्वतःकडे माग. आरोग्य आणि शारीरिक शिक्षणाचा असला तरी चालेल, पण खडू हातात पाहिजे. प्रशिक्षकाच्या डी लायसन्सचा कोर्स झाला असला, तरी सी लायसन्सच्या रजेची सोय आताच बोलून ठेव, नंतर हंगामात कुणी सोडणार नाही. आधीच्या सरांनी ठेवलेली जुनी रजिस्टरं ताब्यात घे आणि पहिल्या आठवड्यात ती सगळी वाचून काढ.

सोमवारी सचिवांना भेटून आलास की फोन कर. ताईला आणि घरातल्या वडीलधाऱ्यांना माझा नमस्कार.

तुझा,
मामा