परतीचे भाडे आणि मालकाची जबाबदारी

व्यापारी बंधूंनो, कापडाचा धंदा जितका मागावर चालतो तितकाच रस्त्यावर चालतो. म्हणून ज्याच्या दारात स्वतःचा टेम्पो किंवा ट्रक उभा आहे, त्याने १९८५ चा अंमली पदार्थांचा कायदा समजून घेतला पाहिजे. व्यवहारात त्याला एन.डी.पी.एस. कायदा म्हणतात. आम्ही तो नुकसान सोसून शिकलो.

काही वर्षांपूर्वी आमचा टेम्पो भिवंडीहून कापडाच्या गाठी घेऊन हैदराबादला गेला. परत येताना चालकाने भाड्याने दोन पोती घेतली. वाटेत तपासणी झाली आणि पोत्यांत २४ किलो गांजा निघाला. चालकाला अटक झाली, टेम्पो पोलीस ठाण्याच्या आवारात गेला. "शेठ, हळद आहे म्हणून सांगितलं होतं," एवढेच तो म्हणाला. बिल्टी नव्हती आणि माल देणाऱ्याचा पत्ताही नव्हता.

अशा प्रकरणात कायदा तीन गोष्टी वेगवेगळ्या पाहतो.

पहिली, चालक. गांजा २० किलोच्या वर गेला की तो 'व्यापारी प्रमाण' ठरतो. शिक्षा किमान १० व कमाल २० वर्षे सक्तमजुरी, शिवाय १ ते २ लाख रुपये दंड. कलम ३७ मुळे जामीनही सहजी मिळत नाही. आरोपी निर्दोष असावा असे मानण्यास वाजवी कारण आहे, अशी न्यायालयाची खात्री पटावी लागते. माल ताब्यात होता हे सिद्ध झाले, की कलम ३५ व ५४ प्रमाणे आरोपीला त्याची जाणीव होती असे न्यायालय गृहीत धरते. 'मला ठाऊक नव्हते' हे मग चालकाला पुराव्यानिशी दाखवावे लागते.

दुसरी, मालक. कलम २५ प्रमाणे जो मालक आपले वाहन जाणूनबुजून अशा कामासाठी वापरू देतो, त्याला मूळ गुन्ह्याइतकीच शिक्षा आहे. 'जाणूनबुजून' हा शब्द महत्त्वाचा. पंजाबातील एका ट्रकच्या सहमालकाला सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये निर्दोष सोडले. ट्रक नावावर आहे एवढ्यावरून मालक गुन्हेगार ठरत नाही; त्याला माहिती होती हे आधी सरकार पक्षाने दाखवले पाहिजे.

तिसरी, खुद्द वाहन. येथेच बहुतेक मालक फसतात. कलम ६० (३) प्रमाणे असे वाहन सरकारजमा होऊ शकते. ते वाचवायचे तर मालकाला दोन गोष्टी सिद्ध कराव्या लागतात. एक, मालक स्वतः, त्याचा प्रतिनिधी आणि वाहन ज्याच्या हवाली होते तो चालक, या तिघांनाही माहिती नव्हती व त्यांची संगनमत नव्हती. दोन, तिघांनीही योग्य ती सर्व खबरदारी घेतली होती. म्हणजे मालक तुरुंगात गेला नाही तरी चालकाच्या गुन्ह्यापायी त्याची गाडी जाऊ शकते. आरोपी सुटला तरी वाहनाचा निर्णय न्यायालय वेगळा करते.

खटला चालू असताना गाडी तात्पुरती परत मिळते का? जानेवारी २०२५ मध्ये आसामातील एका ट्रकच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की या कायद्यात त्याला मनाई नाही. वाहन चोरीला गेलेले असेल, किंवा माल एखाद्या प्रवाशाकडे सापडला आणि मालकावर माहितीचा आरोप नसेल, तर ते सामान्यतः बंधपत्रावर सोडावे. परंतु माल मालकाकडे किंवा त्याने नेमलेल्या चालक-क्लीनरकडे सापडला, तर सामान्यतः सोडू नये.

आमच्या वकिलांनी पहिलाच प्रश्न विचारला, "तुम्ही खबरदारी कोणती घेतली होती?" आम्ही गप्प झालो. कारण 'परतीचे जे मिळेल ते घे, अर्धे तुझे' असे आम्हीच चालकाला सांगून ठेवले होते. तो टेम्पो वर्षाहून अधिक काळ आवारात गंजला आणि बँकेचे हप्ते आम्ही भरत राहिलो.

आता आम्ही एवढे पाळतो :

१) बिल्टी, बिल आणि जेथे लागू असेल तेथे ई-वे बिल असल्याशिवाय कोणताही माल चढवायचा नाही.

२) परतीचे भाडे ओळखीच्या ट्रान्सपोर्ट कचेरीतूनच घ्यायचे आणि माल चढवण्याआधी दुकानात फोन करायचा.

३) चालकाला या सूचना लेखी द्यायच्या व त्याची सही घ्यायची. परवाना व पत्त्याची प्रत आपल्याकडे ठेवायची.

४) माल देणाऱ्याचे नाव, पत्ता, फोन व नगांची संख्या वहीत लिहायची. शंका आली तर पोते उघडून पाहायचे, नाहीतर माल नाकारायचा.

५) गाडी विकली तर नोंदणी ताबडतोब नव्या मालकाच्या नावावर करून घ्यायची.

हे कागद उद्या न्यायालयात आपली खबरदारी दाखवतील. त्याहून मोठे म्हणजे ते चालकाला वाचवतील. आमच्या चालकाची बायको दुकानात येऊन म्हणाली होती, "शेठ, गाडी तुमची, भाडं घ्यायला तुम्हीच सांगितलं, मग आत ते एकटेच का?" त्या बाईला द्यायला आमच्याकडे उत्तर नव्हते. बंधूंनो, दोन हजारांच्या भाड्यासाठी कोणाच्या घरावर अशी वेळ आणू नका.