बियाण्याची मिरची खायची नसते



परसबागेतल्या मिरचीचं बी धरायचा आमचा पहिला प्रयत्न फसला. मुलांनी हिरव्या मिरच्या फोडून बी काढलं, जूनमध्ये वाफ्यात टाकलं. उगवली जेमतेम चार-दोन रोपं. "सर, बी खोटं निघालं!" मुलं हिरमुसली. बी खोटं नव्हतं, कच्चं होतं. चूक माझीच.

आता आम्ही असं करतो. तुम्हीही करून पाहा.

१. झाड निवडा : निरोगी आणि भरपूर फळं धरणारं. बोकड्या पडलेलं नको. पाकिटावर 'संकरित' लिहिलं असेल तर त्याचं बी धरू नका. पुढची झाडं एकसारखी येत नाहीत. गावरान किंवा ज्वालासारखं सरळ वाण घ्या.

२. फांदी झाका : ढोबळी आणि तिखट मिरची एकाच जातीच्या. मधमाश्या एकीचे पराग दुसरीवर नेतात. यंदाचं फळ बदलत नाही, पण त्याच्या बियांतून पुढच्या वर्षी ढोबळीही तिखट निघू शकते! म्हणून कळ्या उमलण्याआधी फांदीवर पातळ कापडाची पिशवी बांधा. मिरची स्वतःच्या परागांवरही फळते. फळ धरलं की पिशवी काढा, देठाला लाल दोरा बांधा.

३. थांबा : मिरची पूर्ण लाल होऊन सुरकुतेपर्यंत तोडायची नाही.

४. बी काढा : हे काम मोठ्यांनी हातमोजे घालून करावं. तिखटपणा मुख्यतः आतल्या पांढऱ्या भागात असतो, तोच बियांना लागतो. कागदावर पसरून आठ-दहा दिवस सावलीत वाळवा. कोरड्या बाटलीत भरा. वर वाण आणि तारीख लिहा.

५. तपासा : मे महिन्यात दहा बिया ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवा. फडकं सुकू देऊ नका. दोन आठवड्यांनी मोजा. सात उगवल्या तर उगवण ७० टक्के. शेकडेवारीचा पाठ इथेच होतो!

यात सगळ्यात अवघड पायरी तिसरी. लाल दोऱ्याची मिरची सगळ्यात देखणी, आणि नेमकी तीच तोडायची नाही. मुलांचा हात तिच्याकडे जातोच. अकोले तालुक्यातल्या कोंभाळणे गावच्या राहीबाई पोपेरे यांनी गावरान बियाणं जपलं. २०२० मध्ये त्यांना पद्मश्री जाहीर झाली. त्यांची गोष्ट वर्गात जरूर सांगा.

पालकहो, आजीकडे एखादं जुनं बियाणं असेल तर मुलांना विचारायला लावा : "आजी, हे बी कुठून आलं?" उत्तर वहीत लिहून घ्या. बियाण्यासोबत तेही जपायचं आहे.