वाटा ठेव, बाय

बाय, नवीन पनवेलात गाळा घेऊन खाद्यपदार्थांचा धंदा काढायचं तू मनावर घेतलंस, मला फार बरं वाटलं. पापड, कुरडया, मसाले, आंबोशी, करवंदाचं लोणचं या मालाला कामोठे-खारघरपासून उलव्यापर्यंत गिऱ्हाईक आहे. तिथल्या नोकरदार घरांत वाळवणं घालायला वेळ नाही आणि ऊन येईल अशी जागाही नाही. "कर्नाळ्याकडच्या वाड्यांवरच्या गरजू बायकांना कामाला घेईन, त्यांचंही भलं होईल," असं तू म्हणालीस. तुझं मन चांगलं आहे, म्हणून मोकळं बोलते. त्यांना नुसतं काम देऊ नकोस, धंद्यात वाटा दे. आपल्या तालुक्यात जी माणसं सगळ्यांत गरीब आहेत, ती कामावाचून बसलेली नाहीत. तीच सगळ्यांत जास्त राबतात.

त्या वाड्यांवरच्या कातकरी कुटुंबाचं वर्ष कसं जातं ते बघ. पावसाळ्याच्या अडचणीच्या दिवसांत वाडीवर मुकादम येतो आणि हातावर उचल ठेवतो. त्यात आजारपण, लग्न, दुकानदाराची उधारी भागते. दिवाळी झाली की सगळं बिऱ्हाड वीटभट्टीवर नाहीतर कोळशाच्या भट्टीवर जातं. पोरं बरोबर जातात, त्यांची शाळा तुटते. पावसाच्या तोंडावर हिशेब होतो, पण वही मालकाची आणि आकडेही मालकाचे. उचल फिटली नाही म्हटलं की पुढचा हंगामही त्याच भट्टीवर. वेठबिगारी बंद करणारा कायदा १९७६ सालचा आहे, तरी उचलीचा हा फास पुरता सुटलेला नाही. महाराष्ट्रातल्या ज्या तीन जमाती केंद्र सरकारने विशेष दुर्बल मानल्या आहेत, त्यांत कोलाम आणि माडिया गोंडांबरोबर आपले कातकरी आहेत.

यातून तीन गोष्टी लक्षात ठेव. मजुरी हातात येण्याआधीच कर्जात गेलेली असते. हिशेब दुसऱ्याकडे असतो. आणि भाव ठरवताना राबणाऱ्या बाईला कुणी विचारत नाही. तुझ्या धंद्यात या तीन गोष्टी बदलल्या नाहीत, तर वाडीवरच्या बाईसाठी भट्टीच्या जागी पंख्याची खोली आली, एवढंच होईल.

आता म्हणशील, असा धंदा चालतो तरी का? चालतो. लिज्जत पापडाचं नाव तुला माहीत आहे, त्यामागची रीत नीट समजून घे. १५ मार्च १९५९ रोजी गिरगावात सात गुजराती बायकांनी ८० रुपये उसने घेऊन सुरुवात केली. जसवंतीबेन पोपट त्या सातांपैकी एक, त्यांना २०२१ साली पद्मश्री मिळाली. पैसे देणाऱ्या छगनबापा पारेखांनी त्यांना जे सांगितलं, ते मी तुलाही सांगेन. त्या दोन प्रतींचे पापड करत होत्या, एक चांगला आणि एक स्वस्तातला. बापा म्हणाले, एकच प्रत ठेवा आणि ती कधी ढळू देऊ नका. हिशेब चोख ठेवा. देणगी घेऊ नका. पहिल्या पावसाळ्यात पापड वाळेनात म्हणून चार महिने काम बंद पडलं. पुढच्या वर्षी त्यांनी खाट आणि स्टोव्ह आणला. पापड खाटेवर, स्टोव्ह खाटेखाली. रायगडचा पाऊस तू जाणतेस, तेव्हा वाळवणाची सोय पहिल्याच वर्षी कर.

पुढे हजारो बायका आल्या तरी रीत तीच राहिली. सकाळी शाखेतून मळलेलं पीठ न्यायचं, घरी लाटायचं, वाळवायचं, दुसऱ्या दिवशी पापड आणून द्यायचे आणि लाटण्याचे पैसे घ्यायचे. कमअस्सल पापड परत जातो, तिथे दयामाया नाही. पण लाटणारी प्रत्येक बाई संस्थेची सभासद आहे, नफ्या-तोट्यात तिचा हिस्सा आहे. काम घरापर्यंत आलं म्हणून तान्हं मूल असलेलीला, शिक्षण नसलेलीला, घरातून बाहेर पडायची मुभा नसलेलीलाही ते करता आलं. कुणाला आत घ्यायचं हे धंद्याची रीतच ठरवते. तू सकाळी नऊला गाळ्यावर हजर राहायची अट घातलीस, तर वाडीवरची बाई तिथेच गळाली.

आपल्या तालुक्यातलंही एक ठिकाण तुला दाखवायचं आहे. मुंबई-गोवा महामार्गाने कर्नाळा ओलांडला की तारा गाव लागतं. तिथे युसूफ मेहेरअली सेंटरचं काम आहे. बेचाळीसच्या चळवळीत तुरुंगात गेलेले डॉ. जी. जी. पारीख आणि त्यांच्या समाजवादी सहकाऱ्यांनी १९६१ साली ही संस्था काढली. तिथे दवाखाना आहे, शिक्षणाचं काम आहे आणि तेलघाणी, साबण, कुंभारकाम असे ग्रामोद्योगही. यामागचा विचार सरळ आहे. गावातला कच्चा माल शहरात गेला आणि पक्का होऊन परत आला, तर मधली सगळी कमाई शहरात राहते. गावातच तो पक्का झाला तर कमाईही गावात राहते. म्हणून तू वाडीवरून नुसती करवंदं आणि कैऱ्या विकत घेऊ नकोस. निवडणं, फोडी करणं, वाळवणं, भरणं, जितकं तिथे करता येईल तितकं तिथेच होऊ दे.

पावसाळ्याच्या सुरुवातीला बाजारात शेवळं आणि काकडं घेऊन बसणाऱ्या बायका तू पाहतेस. पहाटे रान तुडवून त्या भाजी आणतात, आणि आपण दहा रुपयांसाठी घासाघीस करतो. दुपार झाली की भाजी कोमेजते, परतीची गाडी गाठायची असते, मग मिळेल त्या भावाला माल द्यावा लागतो. त्यांची अडचण घाईची आहे. माल टिकवायची सोय आणि ठरलेला खरेदीदार मिळाला, तर त्याच भाजीला त्या आपला भाव सांगू शकतील. ते तू करू शकतेस.

आणि मानाचं विसरू नकोस. पुण्यात कचरा वेचणाऱ्या बायकांना लोक चोर समजत, कुत्री अंगावर सोडत. त्यांतल्या बहुतेक दलित समाजातल्या. १९९३ साली त्यांची कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत उभी राहिली. डॉ. बाबा आढावांचा आधार होता, लक्ष्मी नारायण आणि पौर्णिमा चिकरमाने यांनी बांधणी केली. मग ओळखपत्रं आली, आणि पुढे 'स्वच्छ' ही त्यांची स्वतःची सहकारी संस्था झाली. महापालिकेशी करार करून त्या घरोघरचा कचरा उचलतात, घरटी शुल्क घेतात, भंगार विकून आलेले पैसेही त्यांचेच. काम तेच होतं, पण गळ्यात ओळखपत्र आणि हातात करार आल्यावर त्याच दारात त्या हक्काने उभ्या राहिल्या. तुझ्या पाकिटावर तुझ्या ब्रँडचं नाव असेलच, पण करणाऱ्या गटाचं आणि वाडीचंही असू दे.

पैशांचं म्हणशील तर साताऱ्याच्या म्हसवडला बघ. पावसाआधी झोपडीवर घालायला प्लास्टिकचा कागद घ्यायचा म्हणून एका बाईला रोजचे थोडे पैसे साठवायचे होते. रक्कम फार लहान म्हणून बँकांनी तिला दारातूनच परत पाठवलं. त्यावर चेतना सिन्हा आणि तिथल्या बायकांनी स्वतःचीच बँक काढायचं ठरवलं. अर्जावर अंगठे होते म्हणून रिझर्व्ह बँकेने पहिल्यांदा नकार दिला. बायका लिहायला शिकल्या, पुन्हा गेल्या आणि साहेबांना म्हणाल्या, कोणत्याही रकमेचं व्याज विचारा, आम्ही तोंडी सांगतो. १९९७ साली माणदेशी महिला सहकारी बँक सुरू झाली. शिक्षण कमी म्हणजे अक्कल कमी, असं मनात कधी आणू नकोस.

मोठ्या कंपन्यांनाही गरिबांची आठवण येते, पण बहुतेकदा गिऱ्हाईक म्हणून. व्यवस्थापनतज्ज्ञ सी. के. प्रल्हाद यांनी २००४ च्या सुमारास जगाला सांगितलं की तळातल्या कोट्यवधी माणसांतही मोठी बाजारपेठ आहे, आणि शांपूच्या छोट्या पुड्या हे त्याचं ठळक उदाहरण ठरलं. गरिबाला परवडेल असा माल मिळावा, यात वाईट काही नाही. पण पुडी विकत घेतल्याने कुणाची कमाई वाढत नाही. कमाई वाढते ती आपण त्याच्याकडून योग्य भावाने काही विकत घेतो तेव्हा.

म्हणून सुरुवात अशी कर. आधी बायकांचा बचत गट होऊ दे. पंचसूत्री पाळायला लाव, म्हणजे नियमित बैठक, बचत, अंतर्गत कर्ज, परतफेड आणि लेखे. सरकारच्या 'माविम' आणि 'उमेद'ची माणसं त्यासाठीच आहेत, त्यांना भेट. माल आला की त्याच दिवशी नाहीतर आठवड्याच्या आत पैसे बाईच्या स्वतःच्या खात्यात जाऊ देत, नवऱ्याच्या नको. नडीला पैसे लागले तर गटातून कर्ज मिळू दे, तू उचल देऊ नकोस. दर ठरवायला बसशील तेव्हा बाजारभाव, खर्च आणि तुझा नफा सगळ्यांसमोर मांड. वही दोन ठिकाणी ठेव, एक तुझ्याकडे, एक गटाकडे. ज्यांना वाचता येत नाही त्यांना दर महिन्याला वाचून दाखव. वर्षाअखेरी नफ्यातला ठरलेला हिस्सा गटाला दे, आणि तो किती हे पहिल्याच दिवशी लिहून ठेव.

यात तुझा नफा थोडा कमी होईल, पहिली दोन-तीन वर्षं ओढाताणही होईल. पण धंदा तोट्यात चालवू नकोस. तू बुडालीस तर त्या बायका पुन्हा भट्टीवर जातील. खराब माल परत करायला कचरू नकोस, आणि चांगल्या मालाचा भाव द्यायला हात आखडू नकोस.

एवढं ऐक माझं, बाय. गाळ्याची अनामत भरण्याआधी वाडीवर जा, बायकांमध्ये बैस, आणि काय करायचं ते त्यांनाच आधी विचार.