अटकपूर्व जामिनाच्या भरवशावर राहू नका



हंगामात फडावर टोळीशी बोलाचाली होते, तोल सुटतो आणि अनुसूचित जाती-जमातीच्या मजुराची जात काढली जाते. मग ‘वकील देऊ, अटकपूर्व जामीन घेऊ’ असे बोलणे आम्ही पारावर ऐकतो. ही समजूत खोटी आहे.

१९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याच्या कलम १८ ने ती वाट बंद केली आहे. मार्च २०१८ मध्ये कराडहून गेलेल्या एका प्रकरणात सुप्रीम कोर्टाने ती थोडी उघडली. पण संसदेने त्याच वर्षी कलम १८-अ घालून पुन्हा बंद केली. गुन्हा नोंदण्याआधी प्राथमिक चौकशीही लागत नाही. २०२० मध्ये कोर्टाने ही दुरुस्ती कायम ठेवली. तक्रारीवरून प्रथमदर्शनी गुन्हाच दिसत नसेल, तरच असा जामीन मिळू शकतो.

अपमान लोकांच्या देखत झाला का, हे कोर्ट पाहते. फड काय, वजनकाटा काय, चार माणसे असतातच. शिवाय जामिनाच्या वेळी पीडिताचेही म्हणणे ऐकावे लागते.

कामाची तक्रार असेल तर मुकादमाला किंवा चिटबॉयला सांगा. ज्याच्या कोयत्यावर आपला ऊस गाडीत चढतो, त्याची जात काढू नका. कुणी काढली, तर साक्षीला मागे सरू नका.